हातगुण

माझी पहिली अंगठी मी माझ्याच हाताने वितळवली. तीन आठवडे कानस घासून केलेली, आतून-बाहेरून गुळगुळीत, माझ्या मते दृष्ट लागण्यासारखी. म्हातारीने ती दोन बोटांत धरून खिडकीकडे केली, एक डोळा मिटला आणि म्हणाली, "वितळव." मला वाटलं थट्टा करतेय, म्हणून मी हसले. तिने गॅसची नळी पेटवून माझ्या हातात दिली आणि अंगठी मुशीत टाकली. चांदी लगेच वितळत नाही. आधी लाल होते, मग कडा ढळतात, मग एकदम गोळा होऊन थरथरते. तोंड फिरवायचं नाही, शेवटपर्यंत बघायचं, हा तिचा नियम होता. मी बघितलं. घरी जाताना बसमध्ये रडले आणि पुढच्या मंगळवारी पुन्हा गेले. लाज असती तर गेले नसते.

ही गोष्ट इंग्लंडमधल्या कॉव्हेंट्रीतली, दोन हजारनंतरच्या पहिल्या काही वर्षांतली. नवरा तिथल्या हॉस्पिटलात रजिस्ट्रार, म्हणजे कन्सल्टंटच्या हाताखालचा डॉक्टर होता. लग्नाआधी मी पुण्यात ज्युनिअर कॉलेजात केमिस्ट्री शिकवायचे. तिथे गेल्यावर माझ्या पासपोर्टवर 'डिपेंडंट' असा शिक्का बसला. मराठी मंडळींच्या गेट-टुगेदरला मी डॉक्टरांची मिसेस होते. बायका विचारायच्या, "मग दिवसभर काय करतेस गं तू?" आणि उत्तराची वाट न बघता पुलाव वाढायला घ्यायच्या. मला त्यांचा राग यायचा, कारण दिवसभर मी खरोखरच काही करत नव्हते.

कौन्सिलने, म्हणजे तिथल्या नगरपालिकेने, चांदीच्या दागिन्यांचा संध्याकाळचा वर्ग काढला तेव्हा मी नाव घातलं. शिकवायला ही म्हातारी होती. पहिल्या दिवशी अकरा जण होतो, नाताळपर्यंत मी एकटी उरले. माणसं पळवून लावण्यात म्हातारीचा हात कुणी धरला नसता. एका निवृत्त शिक्षिकेला ती म्हणाली होती, "तुम्ही भरतकाम करा, चांदीला वेदना होतात." कौन्सिलने वर्ग बंद केला. तेव्हा म्हातारीने मला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं आणि सांगितलं, मंगळवारी आणि गुरुवारी घरी ये, आधी झाडायचं, मग शिकायचं.

तिचं घर जुन्या घड्याळजींच्या वस्तीत होतं. तिथल्या घरांना वरच्या मजल्यावर भिंतभर खिडक्या असत, कारण घड्याळजीला उजेड लागतो. त्या खिडक्यांपाशी तिचं टेबल होतं. वय पंच्याहत्तरच्या पुढे, अंगावर पुरुषी वेस्टकोट, केस स्वतःच कात्रीने कापलेले. मला नावाने हाक मार म्हणाली, पण आजीच्या वयाच्या बाईचं नाव माझ्या तोंडातून कधी फुटलं नाही. तीन वर्षं मी तिला 'एक्सक्यूज मी' म्हणत होते आणि मनात म्हातारी. तिचं बोलणं अर्थात इंग्रजीत, पण मला ते आता मराठीतच आठवतं. मनाला लागलेलं बोलणं आपण आपल्या भाषेत साठवत असू.

भिंतीवर एका लाकडी चौकटीत तिच्या गुरूने केलेलं पेंडंट होतं. शंभर वर्षांपूर्वी त्या देशात काही मंडळींनी कारखान्यातल्या ठोक मालाविरुद्ध हट्ट धरला होता: वस्तू हाताने करावी, आणि हात लागलेला दिसावा. आर्ट्स अँड क्राफ्ट्स म्हणतात त्याला. ही गुरू त्यांच्यातलीच. पुरुषांना स्वतःची वर्कशॉपं होती. ही बाई वडिलांच्या घरी मोलकरणीच्या खोलीत ऐरण ठेवून काम करायची. हातोडीचे ठोके ऐकून सांगून आलेली स्थळं परत जायची, असं म्हातारी मोठ्या खुशीने सांगायची. सोनं-हिऱ्यांच्या वाटेला ती बाई गेली नाही. चांदी, मीनाकाम आणि बाजारात कुणी न घेतलेले वाकडेतिकडे मूनस्टोन. मोल दगडाचं नसतं, हाताचं असतं, असं तिचं म्हणणं. माझ्या माहेरी दागिना म्हणजे आधी तोळे आणि मग घडणावळीवरून घासाघीस. मला हे सगळं उलट्या जगातलं वाटायचं.

म्हातारी सोळाव्या वर्षी तिच्याकडे झाडायला गेली आणि ती मरेपर्यंत तिथेच राहिली. मरताना त्या बाईने हे पेंडंट हिला दिलं. चांदीची द्राक्षाची पानं, मधोमध मोराच्या मानेसारखा निळा-हिरवा मीना, खाली लोंबणारे तीन मूनस्टोन. पानांच्या शिरांत शंभर वर्षांचा काळोख बसला होता. त्यामुळेच पानं उठून दिसत. मी झाडताना तिथे मुद्दाम रेंगाळायचे.

आणि मला काय हवं होतं तेही सांगून टाकते. गावात हाताने काम करणाऱ्यांचं एक जुनं मंडळ होतं. दर मार्च महिन्यात चर्चच्या हॉलमध्ये ते जमत. नव्या माणसाने आपली एक वस्तू ठेवायची, ती सगळ्यांच्या हातांतून मुकाट्याने फिरायची, आणि मग त्याच्या गुरूने उभं राहायचं. भाषण नाही, टाळ्या नाहीत, नुसतं उभं राहायचं. गुरू उभा राहिला की मंडळ तुम्हाला तुमच्या नावाच्या दोन अक्षरांचा, आपल्या कामावर उमटवायचा पोलादी ठसा भेट देई. ठसा काय, कायद्याने कुणालाही करून घेता येतो. पण मला तोच हवा होता, त्याच हॉलमधला, त्या म्हातारीला उभं करून मिळालेला. डिपेंडंटच्या शिक्क्यावर माझा शिक्का. त्यापायी मी काहीही केलं असतं, आणि केलंच.

तिसऱ्या वर्षी ऑक्टोबरमध्ये सासूबाई सांगलीहून सहा महिन्यांसाठी आल्या. सासरे जाऊन दोन वर्षं झाली होती. एका पहाटे सासऱ्यांच्या छातीत दुखायला लागलं तेव्हा सासूबाईंना वाटलं गॅस झालाय. त्यांनी ओवा चावायला दिला, गरम पाणी पाजलं, पाठ चोळत बसल्या. दोन तास. मग उशीर झाला. मुलगा हृदयाचा डॉक्टर आणि बापाला ओवा. नवऱ्याने हे मला एकदाच सांगितलं होतं आणि बजावलं होतं, "आईसमोर हा विषय कधी काढू नकोस." मी कशाला काढतेय, असं मी म्हणाले होते.

सासूबाईंना रिकामं बसवत नसे. सामानातून त्यांनी चिंच आणली होती, रांगोळी आणली होती, भाजणीचं पीठ आणि एक मोठा स्टीलचा डबा. डब्यावर सासऱ्यांचं नाव घातलेलं, आपल्याकडे भांड्यांवर घालतात तसं, ठिपक्याठिपक्यांचं. आल्या आल्या त्यांनी आइस्क्रीमच्या रिकाम्या डब्यात मेथी पेरली आणि तो खिडकीत ठेवला. इंग्रजी त्यांना तीन शब्दांचं यायचं: थँक्यू, सॉरी आणि नो एग. तेवढ्यावर त्या शेजारणीशी अर्धा-अर्धा तास कुंपणावरून बोलत. मला तेही आवडायचं नाही. तीन वर्षांत मला त्या शेजारणीचं 'हॅलो'च्या पुढे काही मिळालं नव्हतं.

दिवाळीच्या आधीच्या आठवड्यात म्हातारीने चौकट उघडली, पेंडंट रुमालात बांधलं आणि माझ्या हातात दिलं. "एक आठवडा," ती म्हणाली. "नुसतं बघ. मार्चमध्ये तुझी वस्तू ठेवायची असेल तर आधी बघायला शीक." इतक्या वर्षांत तिने ते कुणाला दिलं नव्हतं. बसमध्ये मी पर्स दोन्ही हातांनी पोटाशी धरून बसले होते.

घरी आल्यावर प्रश्न पडला, ठेवायचं कुठे? आमच्या घरी जपायची वस्तू देवाजवळ ठेवतात. माझी बारावीची मार्कशीट, पहिला पगार, पासपोर्ट, सगळं आईने आधी देवाजवळ ठेवलं होतं. इथे देवघर म्हणजे फ्रीजशेजारच्या कपाटातला एक कप्पा. मी पेंडंट रुमालातून सोडवून बाळकृष्णाच्या शेजारी ठेवलं, म्हणजे येताजाता बघता येईल. सासूबाई म्हणाल्या, "केवढं गं काळं पडलंय." मी म्हणाले, "ते तसंच असतं." एवढंच. समजावून सांगायला दोन मिनिटं लागली असती. पण सांगलीच्या बाईला काय कळणार, असं मला वाटलं. हे मी आज लिहितेय, तेव्हा मनात इतक्या स्पष्ट शब्दांत आलं नव्हतं, पण वाटलं ते हेच.

वसुबारसेला मी सामान आणायला गेले होते. परत आले तर ओट्यावर टॉवेल अंथरलेला आणि त्यावर देवघरातलं सगळं चांदीचं ओळीने मांडलेलं: निरांजन, पंचपात्र, ताम्हन, करंडा. आणि पेंडंट. पांढरंफेक. बाजूला कोमट चिंचेच्या पाण्याचं पातेलं, बशीत रांगोळी, आणि जुना टूथब्रश. दिवाळीला देवासमोर काळी चांदी ठेवत नाहीत. देवघरात जे होतं ते सगळं त्यांनी घासलं होतं.

"बघ," त्या म्हणाल्या, "लखलखतंय की नाही? तुझ्या बाईला म्हणावं, वर्षानुवर्षं हात लावला नाही वाटतं कुणी."

मी ते उचललं. पानांच्या शिरा गेल्या होत्या. म्हणजे होत्या, पण दिसत नव्हत्या. मीन्याची चकाकी जाऊन त्यावर मोतीबिंदूसारखी साय आली होती. रांगोळीचे बारीक ओरखडे. एका कोपऱ्याचा टवका उडालेला.

मी ओरडले नाही. ओरडले असते तर बरं झालं असतं. मी अगदी सावकाश, एकेक शब्द उच्चारून म्हणाले, "तुमचा हातगुणच वाईट आहे. ज्याला हात लावता त्याची माती करता. बाबांनासुद्धा ओवाच चारत बसलात."

त्यांच्या हातात निरांजन होतं. ते त्यांनी टॉवेलवर ठेवलं, मग उचलून पुसलं आणि देवघरात त्याच्या जागी नेऊन ठेवलं. मग पंचपात्र. मग ताम्हन. सगळं जागच्या जागी गेल्यावर त्यांनी पातेलं विसळलं आणि खोलीत गेल्या. संध्याकाळी नवरा आला तेव्हा त्यांनी त्याला गरम चकल्या वाढल्या आणि विचारलं, "खुसखुशीत झाल्यात का रे?"

माझं डोकं एकाच दिशेने चालत होतं. पेंडंट परत काळं कसं करायचं? म्हातारीकडे गंधकाचं औषध होतं, पण तिच्या शेल्फवर. मग केमिस्ट्री कामाला आली. उकडलेल्या अंड्यातही गंधक असतं. धनत्रयोदशीला सकाळी, सासूबाईंच्या सोवळ्याओवळ्याच्या स्वयंपाकघरात, मी चार अंडी उकडली, कुस्करून एका प्लॅस्टिकच्या डब्यात घातली आणि त्यांवर पेंडंट लोंबकळत ठेवून झाकण लावलं. सासूबाई दारात आल्या, वास आला तशी पदर नाकाला लावला आणि परत गेल्या. तासाभरात चांदी तपकिरी झाली, मग काळी. वरचं पुसलं, शिरांत राहू दिलं. मीन्याला मेण चोळून चमक आणली, उडालेल्या टवक्यात रंगीत मेण भरलं. काम इतकं बेमालूम झालं की मला स्वतःचं कौतुक वाटलं. हेही लिहायला हवं.

भाऊबीज झाल्यावर मंगळवारी मी ते परत केलं. म्हातारीने रुमाल सोडला. पेंडंट नाकाजवळ नेलं, अंगठा फिरवला, खिडकीकडे केलं.

"कुठे ठेवलं होतंस?"

"कपाटात."

"काही झालं का त्याला?"

"नाही."

ती माझ्याकडे बघत राहिली. मग चौकटीत ठेवून काच लावली आणि म्हणाली, "झाडायला घे." मी सुटले. इतकी सुटले की झाडताना गुणगुणत होते.

त्यानंतर घरात सासूबाई माझ्याशी नेहमीसारख्याच वागल्या, आणि म्हणूनच त्या मला सहन होईनात. 'चहा घेतेस?' विचारायच्या. 'स्वेटर घाल' म्हणायच्या. स्टीलचा डबा मांडणीवर दिसला नाही, तेव्हा मी समजले की शेजारणीला फराळ दिला असेल. विचारलं नाही. आमच्यात विचारणं उरलं नव्हतं. माफी मागायचं रोज ठरवायचे आणि रोज त्या असं काही साधं बोलायच्या की ते राहून जायचं.

मार्चसाठी काय करायचं? म्हातारीचा नियम होता, रोज डोळ्यांसमोर असतं तेच करायचं. माझ्या डोळ्यांसमोर खिडकीतली मेथी होती. एका देठाला तीन पानं, कडा जेमतेम दातेरी, देठ वाकलेलं. मी ती रेखाटायला लागले. सासूबाई बघायच्या, आणि मी कागद घेऊन बसले की मेथीचा डबा उजेडाकडे सरकवून जायच्या. एकदा भाजीसाठी खुडताना त्यांनी एक कोपरा तसाच ठेवला. "एवढी तुझ्या चित्राला असू दे," म्हणाल्या. हिवाळाभर मी चांदीची मेथी केली. एकेक पान पत्र्यातून कापून, ठोकून, आतल्या बाजूने फुगवून. तेवीस डहाळ्या, देठादेठाने अडकवलेल्या, गळ्यात घातल्या की कॉलरबोनवर हिरवळ उगवल्यासारखी दिसे. पहिले सात प्रयत्न मुशीत गेले. आठव्या वेळी म्हातारीने माळ हातावर घेतली, बराच वेळ बघितली.

"हा कुठला क्लोव्हर?" क्लोव्हर म्हणजे तिकडचं तीन पानांचं गवत.

"क्लोव्हर नाही, भाजी आहे. आमच्या खिडकीत."

"हे वितळवायचं नाही," ती म्हणाली.

तीन वर्षांतलं ते पहिलं. मी मान खाली घातली, कारण रडू येत होतं. म्हातारी किटलीकडे गेली आणि पाठमोरीच म्हणाली, "आणखी काही सांगायचंय?" हे ती त्या हिवाळ्यात दर मंगळवारी विचारायची, चहा ठेवताना. मी दर मंगळवारी म्हणायचे, नाही.

मार्चमधला तो शनिवार. चर्चच्या हॉलमध्ये वीस-बावीस माणसं, बहुतेक साठीच्या पुढची, फोल्डिंग खुर्च्यांवर. आम्ही तिघे नवे होतो. एका सुताराचं स्टूल फिरलं, त्याचा गुरू उभा राहिला. एका मुलीचा हाताने विणलेला पट्टा फिरला, तिची गुरू उभी राहिली. मग माझी मेथी. ती हातांतून जाताना मी माणसांचे चेहरे बघत होते. एका म्हाताऱ्याने चष्मा कपाळावर चढवून पान डोळ्यांजवळ नेलं आणि शेजारच्याला कोपराने ढोसलं. माळ टेबलावर परत आली. सगळ्यांनी माना वळवल्या.

म्हातारी बसून राहिली.

तिने हात मांडीवर ठेवले होते आणि ती समोर बघत होती. कुणीतरी खोकलं. मला वाटलं तिला ऐकू आलं नसेल, गुडघा धरला असेल, काहीही. अध्यक्षबाईंनी तिच्याकडे बघून भुवया उंचावल्या. म्हातारीने मान हलवली, एकदाच, नकारार्थी. अध्यक्षबाई म्हणाल्या, "वेल, चहा तयार आहे." खुर्च्यांचे आवाज झाले. माझ्याकडे कुणीही बघत नव्हतं, अगदी सभ्यपणे.

मी बाहेर पायऱ्यांवर आले. बोचरा वारा होता. थोड्या वेळाने ती आली, हातात पिशवी घेऊन.

"तुम्हीच म्हणालात, वितळवायचं नाही."

"नाहीच वितळवायचं. तीस वर्षांत कुणा शिकाऊने असं काम केलेलं मी बघितलं नाही."

"मग?"

तिने पिशवीतून स्टीलचा डबा काढला. ठिपक्याठिपक्यांचं सासऱ्यांचं नाव माझ्या बाजूला वळलेलं होतं.

"तू पेंडंट परत दिलंस त्याच्या दुसऱ्या दिवशी एक बाई आली," म्हातारी म्हणाली. "साडी, त्यावर पुरुषाचं टोपीवालं पावसाळी जॅकेट. हातात माझ्या पत्त्याचा कागद, तुझ्या अक्षरातला, फ्रीजवर चुंबकाखाली लावल्याची खूण असलेला. पावसात चुकीच्या स्टॉपवर उतरून चालत आली होती. वर आली, पेंडंटकडे बोट केलं, मग स्वतःकडे. घासल्याची खूण करून दाखवली. मग सॉरी म्हणाली आणि स्वतःचे दोन्ही कान धरले. आमच्यात असं काही करत नाहीत, पण कळलं मला. मी तिला चहा दिला. तिने मला हे दिलं, आत तळलेली चक्रं होती. आम्ही तासभर बसलो. जाताना ती तुझ्या टेबलाकडे बोट करून हात जोडून काहीतरी सांगत होती. मला वाटतं, तुला रागावू नका म्हणत होती."

मी डब्यावरचं नाव पुन्हा पुन्हा वाचत होते.

"तिला मी त्याच दिवशी माफ केलं. एका म्हातारीने देवासाठी घासलं. पुसलेली चांदी पुन्हा काळी होते, मला तेवढा वेळ नाही, पण होते. अंड्याचा वास मला तू जिना चढत होतीस तेव्हाच आला होता. मी वाट बघत होते. पाच महिने, दर मंगळवारी."

"तेव्हाच का नाही सांगितलंत?" मी म्हणाले. "इथपर्यंत का येऊ दिलंत?"

"इथपर्यंत आलीस म्हणून तुला लागलं," ती म्हणाली. "तेव्हा नुसती रडली असतीस."

तिने मेथीची माळ डब्यात ठेवली, झाकण लावलं आणि डबा माझ्या हातात दिला. त्यानंतर मी तिच्याकडे गेले नाही, आणि तिनेही बोलावलं नाही.

घरी सासूबाई पोळ्या लाटत होत्या. डबा बघून त्यांनी हात पुसले. "दिला का परत? चांगली बाई आहे हो." झाकण उघडलं आणि मेथी बघून हसल्या. भांडं रिकामं परत आलं नाही याचंच त्यांना बरं वाटलं असावं. मग माझ्या चेहऱ्याकडे त्यांचं लक्ष गेलं.

"झालं का गं तुझं काम?"

"नाही."

त्यांनी डबा ओट्यावर ठेवला. "माझ्यामुळे?"

एका शब्दाचं काम होतं. 'नाही' म्हणायचं, 'माझ्यामुळे' म्हणायचं. पायऱ्यांवर जे ऐकलं त्यानंतर जनावरसुद्धा एवढं बोललं असतं. पण माझ्याबरोबर खाली ओढायला मला कुणीतरी हवं होतं, आणि समोर त्याच होत्या.

"हो," मी म्हणाले.

"बरं," त्या म्हणाल्या आणि तव्याखालचा गॅस पेटवला.

पंधरा दिवसांनी त्या परत गेल्या. नवऱ्याने तिकीट पुढे ढकलू म्हटलं, पण त्या राहिल्या नाहीत. माळ मी वितळवली, घरीच, एप्रिलमध्ये. तोंड फिरवलं नाही. फोनवर आमचं बोलणं व्हायचं, हवापाण्याचं. दर वेळी मला वाटायचं, पुढच्या वेळी सांगू, समोरासमोर सांगू, अशी गोष्ट फोनवर सांगतात का? तीन वर्षं मी त्यांना समोरासमोर सांगणार होते.

त्या वारल्या तेव्हा आम्ही तेराव्याच्या आदल्या दिवशी सांगलीला पोचलो. घर शेजारच्या काकूंनी आवरून ठेवलं होतं. मी देवघरापाशी गेले. निरांजन, पंचपात्र, समईची चांदीची साखळी, करंडा, सगळं काळंठिक्कर. पितळेचं मात्र लख्ख घासलेलं. मी निरांजन हातात घेऊन उभी राहिले, तशा काकू मागून म्हणाल्या,

"अगं, इंग्लंडहून आल्यापासून त्यांनी चांदीला हात लावला नाही. दिवाळीला मी म्हणायचे, वहिनी, देव काळे दिसतायत. तर म्हणायच्या, राहू दे, माझा हातगुण चांगला नाही."